प्रकल्प नोंदी : उत्पादकाच्या ऑनलाइन तांत्रिक कोशाच्या आधाराने एका गाडीची दुरुस्ती

६ जानेवारी २०२५

हाती घेतलेली गाडी पेट्रोल इंजिनाची असून दहा वर्षांहून अधिक वापरलेली आहे. तक्रारी तीन आहेत. इंजिन पुरेसे तापत नाही आणि इंजिनाच्या संगणकाने नोंदवलेला पी०१२८ हा दोषाचा कोड पुसला तरी परत येतो. मागचे ब्रेक पॅड संपत आले आहेत. आणि डाव्या बाजूचा रिव्हर्सचा दिवा कधी लागतो, कधी लागत नाही. यांपैकी कोणतेही काम जाणत्या मेकॅनिकला नवे नाही. तरीही या वेळी एकही मोजमाप आठवणीवर किंवा ऐकीव माहितीवर न घेता, प्रत्येक आकडा, कामाचा प्रत्येक क्रम आणि प्रत्येक सुटा भाग उत्पादकाच्या अधिकृत ऑनलाइन कोशातून, म्हणजे दुरुस्तीच्या पानांच्या संग्रहातून, पडताळून घ्यायचा, आणि त्यावरून गाडीसोबत कायम राहतील अशी कार्यपत्रे तयार करायची, असे ठरवले आहे. इंटरनेटवर शोध घेतला तर एकाच मॉडेलच्या एकाच बोल्टसाठी आवळण्याचे निरनिराळे आकडे मिळतात, आणि त्यांतला प्रत्येक आकडा कोणत्या ना कोणत्या गाडीसाठी बरोबरही असू शकतो. आपल्यासमोर उभ्या असलेल्या गाडीसाठी कोणता, हे मात्र तिथून कळत नाही.

८ जानेवारी

कोशाची वर्गणी घेण्याआधी त्याची रचना समजून घेतली. बहुतेक मोठ्या उत्पादकांचे असे कोश आज स्वतंत्र मेकॅनिकला आणि गाडीच्या मालकालाही खुले आहेत. टोयोटाचे टेकइन्फो, फोक्सवॅगन समूहाचे एर्विन आणि फोर्डचे मोटरक्राफ्ट सर्व्हिस ही त्यांतली परिचित नावे. हे खुलेपण आपोआप आलेले नाही. युरोपीय संघाच्या २००७ च्या ७१५ क्रमांकाच्या नियमाने दुरुस्तीची माहिती स्वतंत्र व्यावसायिकांना देणे उत्पादकांवर बंधनकारक केले, आणि ती तासाच्या, दिवसाच्या, महिन्याच्या किंवा वर्षाच्या मुदतीने, मुदतीनुसार वेगळे शुल्क आकारून द्यावी असेही त्यात घातले. पुढे २०१८ च्या ८५८ क्रमांकाच्या नियमाने, जो १ सप्टेंबर २०२० पासून लागू झाला, हीच तरतूद अधिक तपशिलाने मांडली. अमेरिकेत मॅसॅच्युसेट्स राज्याने २०१२ मध्ये दुरुस्तीच्या हक्काचा कायदा केला आणि २०१४ मध्ये उत्पादकांनी तोच धागा देशभरासाठी करारान्वये मान्य केला. आज कोणीही घरबसल्या कारखान्याचा मूळ कागद उघडू शकतो, ही मला फार मोलाची गोष्ट वाटते, आणि तिचा वापर त्याच गांभीर्याने व्हायला हवा.

थोड्या मुदतीची वर्गणी घेणाऱ्याने प्रश्न आधी लिहून ठेवावेत आणि मगच मुदत सुरू करावी. कोश विस्तीर्ण असतो. एका पानावरून दुसऱ्यावर जाता जाता वेळ निघून जातो आणि हवी असलेली आकृती उतरवायची राहते. तिन्ही तक्रारींचे प्रश्न स्वतंत्र कागदांवर लिहून घेतले आहेत. कोशातील पाने स्वतःच्या कामापुरती वापरण्याचा परवाना असतो, ती इतरांना वाटण्याचा नसतो, हेही वापराच्या अटींत वाचून घेतले.

९ जानेवारी

आजचा सगळा वेळ गाडीची ओळख पक्की करण्यात गेला, आणि तो सत्कारणी लागला असे मी मानतो.

चेसिस नंबर सतरा अक्षर-अंकांचा असतो. त्यात इंग्रजी आय, ओ आणि क्यू ही अक्षरे वापरत नाहीत, कारण ती एक आणि शून्य या अंकांशी गल्लत करतात. पहिली तीन स्थाने उत्पादकाची, चौथ्यापासून नवव्यापर्यंतची गाडीच्या वर्णनाची आणि दहाव्यापासून पुढची त्या एका गाडीची. नंबर काचेखालच्या पट्टीवरून, दाराच्या खांबावरील चिकटपट्टीवरून आणि नोंदणीच्या कागदावरून असा तीन ठिकाणांहून घेऊन ताडून पाहिला, कारण एक अक्षर चुकले तरी कोश तक्रार न करता दुसऱ्याच गाडीची पाने उघडून देऊ शकतो. उत्तर अमेरिकेसाठी बनलेल्या गाड्यांत नववे स्थान पडताळणीच्या अंकाचे असते आणि त्यामुळे अशी चूक लगेच पकडली जाते; अन्यत्र ही सोय गृहीत धरता येत नाही.

नंबर टाकल्यावर कोशाने इंजिनाचा संकेत, गिअरबॉक्सचा संकेत, उत्पादनाची तारीख आणि कारखान्यात बसवलेल्या पर्यायांची यादी दिली. मॉडेलचे नाव आणि वर्ष एवढ्यावर भागत नाही, हे या यादीकडे पाहिल्यावर स्पष्ट होते. एकाच वर्षाच्या एकाच मॉडेलमध्ये दोन प्रकारचे मागचे ब्रेक बसवलेले आहेत, आणि उत्पादनाच्या एका ठरावीक तारखेनंतर थर्मोस्टॅटचे (इंजिन थंड ठेवणारा द्रव, म्हणजे कूलंट, तापमानानुसार सोडणाऱ्या झडपेचे) घरही बदलले आहे. कार्यपत्राच्या माथ्यावर म्हणून गाडीच्या नावाऐवजी हे सगळे संकेत लिहिले.

१२ जानेवारी

पी०१२८ चे पान वाचले. या कोडचा अर्थ असा, की कूलंटचे तापमान थर्मोस्टॅटच्या नियमन-तापमानापर्यंत अपेक्षित वेळेत पोहोचत नाही. इंजिनाचा संगणक सुरुवातीचे तापमान, बाहेरून येणारी हवा आणि इंजिनावरचा भार यांवरून तापमान किती वाढायला हवे याचा अंदाज बांधतो आणि प्रत्यक्ष मोजमापाशी तो ताडून पाहतो. पी० ने सुरू होणारे कोड सर्व उत्पादकांसाठी समान असतात, पी१ ने सुरू होणारे ज्याचे त्याचे असतात. समान कोड असला म्हणून कारणेही समान असतात असे मात्र नाही, आणि कोशाचे पान इथे कोड वाचणाऱ्या स्कॅनरच्या एका ओळीपेक्षा फार पुढे जाते. त्यात तपासणीचा क्रम दिलेला आहे: प्रथम कूलंटची पातळी, मग रेडिएटरचा पंखा विनाकारण चालू राहतो का ते, मग तापमानाचा सेन्सर, आणि शेवटी थर्मोस्टॅट. ज्यात खोलाखोली नाही ते आधी आणि ज्यात कूलंट काढावे लागते ते नंतर, असा हा शहाणपणाचा क्रम आहे.

पातळी योग्य होती. पंखा थंड इंजिनावर बंद होता. रात्रभर उभ्या असलेल्या गाडीत कूलंटच्या सेन्सरचे आणि आत येणाऱ्या हवेच्या सेन्सरचे तापमान एकमेकांशी जुळत होते, म्हणजे सेन्सर खोटे बोलत नव्हता. चालत्या गाडीत तापमान सत्तरच्या पुढे गेले आणि मोकळ्या रस्त्यावर वेग वाढताच पुन्हा खाली आले. रेडिएटरकडे जाणारी होज इंजिन तापण्याआधीच कोमट लागत होती. कोड उमटला त्या क्षणाची साठवलेली माहितीही स्कॅनरवरून उतरवून घेतली. कोड पुसला की ती पुसली जाते, म्हणून हे काम आधी करायचे असते.

१४ जानेवारी

थर्मोस्टॅट काढला. कोशात त्याच्या तपासणीचे स्वतंत्र पान आहे: झडप ८० ते ८४ अंश सेल्सिअसच्या दरम्यान उघडू लागली पाहिजे, ९५ अंशांवर ती किमान ८ मिलिमीटर उचलली गेली पाहिजे, आणि तापमान खाली आल्यावर पूर्ण मिटली पाहिजे. पाण्याच्या भांड्यात थर्मामीटरसह तो टांगून ठेवण्याआधीच उत्तर मिळाले होते, कारण थंड स्थितीतही झडपेच्या कडेला उजेडाची बारीक फट दिसत होती. तरीही पाणी तापवून पूर्ण तपासणी केली. जुना भाग का बदलला याचे मोजमाप कार्यपत्रात असले, तर पुढे हाच कोड आला तेव्हा विचार कुठून सुरू करायचा हे कळते.

नवा थर्मोस्टॅट बसवतानाची एक बाब आकृतीत पाहिली नसती तर सहज सुटली असती. त्याच्या कडेवर हवा निसटण्यासाठी एक लहानसा जिगल व्हॉल्व्ह असतो. तो वरच्या बाजूला आला पाहिजे आणि उभ्या रेषेपासून दोन्हीकडे दहा अंशांपेक्षा जास्त कलता कामा नये. तो खाली बसवला तर घरात हवा अडकून राहते. भाग नवा, गास्केट नवे आणि नट व्यवस्थित आवळलेले असूनही तापमानाची तक्रार मग कायम राहते, आणि दोष नव्या भागावर ढकलला जातो.

नट आवळण्याचा आकडा १० न्यूटन मीटर (पिळाचे एकक) आहे. पानावर शेजारीच १०२ किलोग्रॅम-बल सेंटिमीटर असेही दिले आहे, आणि दोन्ही एकच आहेत. एक किलोग्रॅम-बल मीटर म्हणजे सुमारे ९.८ न्यूटन मीटर. एकक न पाहता नुसता दहा हा आकडा उचलणारा माणूस दहापट जोर लावून आटे उपटू शकतो. ठरावीक पिळावर आवळणारा मोठा टॉर्क रेंच त्याच्या पट्ट्याच्या अगदी तळाशी विश्वासार्ह नसतो, म्हणून यासाठी लहान पल्ल्याचा रेंच वापरला.

१५ जानेवारी

कूलंट भरले. इथिलीन ग्लायकॉलचे ५० टक्के मिश्रण साधारण उणे ३७ अंशांपर्यंत गोठत नाही. प्रमाण वाढवत नेले तर सुमारे ७० टक्क्यांनंतर हे संरक्षण उलट घटते, आणि शुद्ध ग्लायकॉल पाण्याच्या मानाने उष्णताही कमी वाहून नेते. कोशात कूलंटचा प्रकार त्याच्या विनिर्देश क्रमांकाने दिला आहे. बाटलीचा रंग पाहून निवड करण्याची पद्धत सोडून द्यावी, कारण रंगाला सर्वमान्य प्रमाण नाही. हवा काढण्याचा क्रमही पानावर जसा आहे तसाच पाळला: हीटर पूर्ण गरमवर, होज हाताने दाबत राहणे, थर्मोस्टॅट उघडेपर्यंत इंजिन चालू, आणि थंड झाल्यावर पातळी पुन्हा पाहणे.

१९ जानेवारी

मागचे ब्रेक. कोशाचा उपयोग किती खोलवर होतो हे ज्यात दिसले, ते हे काम.

या गाडीत हँडब्रेकची मोटर थेट कॅलिपरवर, म्हणजे पॅड डिस्कवर दाबणाऱ्या भागावर, आहे. मोटर फिरली की पिस्टनच्या आतला स्क्रू पुढे सरकतो. तो मागे घेतल्याशिवाय पिस्टन जोराने आत ढकलला तर आतली यंत्रणा मोडते. म्हणून स्कॅनरमधून ब्रेक देखभालीच्या स्थितीत नेणे, काम झाल्यावर ती स्थिती रद्द करणे आणि मोटरला तिची जागा नव्याने शिकवणे, ही तीन कामे पॅड बदलण्याच्या क्रमाचाच भाग आहेत. कोशाच्या पानावर ती पॅड काढण्याच्या आधी आणि नंतर अशी ठळक घातलेली आहेत. बॅटरीचे व्होल्टेज या काळात पडू नये म्हणून चार्जर जोडून ठेवला.

मग डिस्क मोजली. मायक्रोमीटरने आठ ठिकाणी जाडी घेतली, सर्वांत कमी ९.६ मिलिमीटर आली. कोशात दोन तक्ते आहेत. एका पर्यायात नवी डिस्क १० मिलिमीटरची आणि झिजेची मर्यादा ८. दुसऱ्यात नवी १२ ची आणि मर्यादा १०. पहिल्या तक्त्यानुसार ही डिस्क जवळजवळ नवी आहे, दुसऱ्यानुसार ती काढून टाकायची आहे. ९ जानेवारीला पर्यायांच्या यादीतून घेतलेला ब्रेकचा संकेत दुसऱ्या तक्त्याकडे बोट दाखवतो. खात्रीसाठी डिस्कच्या कडेवरचा गंज तारेच्या ब्रशने घासून काढला, तेव्हा किमान जाडीचा १० हा ठसा वाचता आला. दोन्ही बाजूंच्या डिस्क बदलायच्या ठरवल्या. गाडीच्या नेमक्या संकेताशी न बांधलेला आकडा किती धोक्याचा असतो, हे याहून स्वच्छ दाखवणारे उदाहरण मला या प्रकल्पात दुसरे मिळालेले नाही, आणि तेही ब्रेकसारख्या ठिकाणी.

२० जानेवारी

डिस्क, पॅड बसले. कॅलिपरच्या मार्गदर्शक बोल्टसाठी कोश ३५ न्यूटन मीटर सांगतो आणि दरवेळी नवे बोल्ट घ्यायला सांगतो, कारण त्यांच्या आट्यांवर कारखान्यातच चिकटद्रव्याचा थर दिलेला असतो आणि तो एकदाच काम करतो.

आवळण्याच्या आकड्याबद्दल इथे थोडे लिहून ठेवतो. बोल्टला दिलेल्या पिळापैकी साधारण निम्मा भाग डोक्याखालच्या घर्षणात आणि सुमारे ४० टक्के आट्यांच्या घर्षणात जातो. प्रत्यक्ष बोल्ट ताणण्यासाठी उरतो तो सुमारे १० टक्के. याचा अर्थ घर्षण थोडे बदलले तरी ताण मोठ्या प्रमाणात बदलतो. कोरड्या आट्यांसाठी दिलेला आकडा तेल लावलेल्या आट्यांवर वापरला, तर रेंच बरोबर ठिकाणी टकटक करतो आणि बोल्ट मात्र मर्यादेबाहेर ताणला जातो. याच कारणाने सिलिंडर हेडसारख्या महत्त्वाच्या ठिकाणी उत्पादक आधी ठरावीक पीळ आणि त्यानंतर अंशांत कोन देतात. कोनावर घर्षणाचा परिणाम फार कमी होतो. असे बोल्ट बहुधा पुन्हा वापरायचे नसतात. कार्यपत्रात म्हणून आकड्याच्या शेजारी आटे कोरडे की तेल लावलेले, बोल्ट नवा की जुना, गाडी चाकांवर की जॅकवर, असे रकाने केले आहेत. शेवटचा रकाना सस्पेन्शनच्या रबरी बुशांसाठी आवश्यक आहे, कारण ते बोल्ट गाडीचे वजन चाकांवर आल्यावरच पूर्ण आवळायचे असतात.

ब्रेक ऑइल डॉट ४ दर्जाचे आहे. नव्या डॉट ४ चा उत्कलनबिंदू किमान २३० अंश आणि पाणी शोषलेल्याचा किमान १५५ अंश असावा लागतो. बदलण्याची मुदत उलटून गेल्याचे देखभालीच्या तक्त्यावरून दिसले, म्हणून तेही बदलले.

२५ जानेवारी

रिव्हर्सचा दिवा. परिपथाची आकृती उघडताच निम्मे काम झाले. फ्यूज आणि गिअरबॉक्सवरचा स्विच दोन्ही दिव्यांना सामाईक आहेत; उजवा दिवा नियमित लागतो, म्हणजे तिथपर्यंत सर्व ठीक आहे. त्यापुढे तार दोन फाट्यांत विभागली जाते आणि प्रत्येक दिव्याला स्वतंत्र अर्थ-बिंदू, म्हणजे तार गाडीच्या पत्र्याला जोडण्याची जागा, आहे. डाव्याचा अर्थ-बिंदू कुठे आहे हे आकृतीत नसते, त्यासाठी वेगळे स्थानदर्शक पान असते. ते शोधून मागच्या बाजूच्या आतील पॅनेलमागे तो बोल्ट सापडला.

कनेक्टरचे चित्र वाचताना ते तारांच्या बाजूने पाहिलेले आहे की पिनांच्या बाजूने, हे आधी पाहावे. दोन बाजूंनी पाहिल्यास पिनांचे क्रमांक आरशातल्यासारखे उलटतात. तारांच्या रंगांच्या संक्षेपांचेही तसेच: ते उत्पादकागणिक बदलतात आणि प्रत्येक कोशात त्यांची सूची पहिल्या पानांत दिलेली असते. जर्मन आकृत्यांत तारांऐवजी टोकांना क्रमांक असतात, जसे ३० म्हणजे थेट बॅटरी, १५ म्हणजे चावी फिरवल्यावर मिळणारा पुरवठा आणि ३१ म्हणजे अर्थ. ते एकदा पाठ झाले की अशी कोणतीही आकृती वाचता येते.

दिवा जोडलेला आणि रिव्हर्स गिअर टाकलेला असताना दिव्याच्या अर्थ-पिनेपासून बॅटरीच्या ऋण टोकापर्यंत मल्टिमीटर लावला. तेवढ्या अंतरात व्होल्टेजचा फरक साधारण ०.१ ते ०.२ व्होल्टपेक्षा जास्त असता कामा नये. इथे तो दोन व्होल्टच्या वर होता आणि पॅनेलवर हात आपटल्यावर बदलत होता. तार जोडलेली असल्याचा मीटरचा नुसता आवाज ऐकून ही जोडणी चांगली ठरली असती, कारण मीटरच्या क्षीण प्रवाहाला गंजलेला स्पर्शही पुरतो. बोल्ट काढून पत्रा आणि टोक घासले, परत आवळले, वर गंजरोधक लावले. आता ०.०४ व्होल्ट.

२७ जानेवारी

तांत्रिक सूचनापत्रे पाहिली. ही पत्रे उत्पादक आपल्या सेवा केंद्रांसाठी काढतो आणि त्यांत वारंवार येणाऱ्या तक्रारी व त्यांवरचे सुधारित उपाय असतात. सुरक्षिततेसाठी गाड्या परत बोलावण्याच्या मोहिमेहून ती वेगळी आहेत. अमेरिकेत उत्पादकांनी दिलेली अशी पत्रे राष्ट्रीय महामार्ग वाहतूक सुरक्षा प्रशासन आपल्या संकेतस्थळावर विनामूल्य प्रसिद्ध करते, त्यामुळे वर्गणी नसतानाही सुरुवात तिथून करता येते. पत्राच्या आरंभी ते कोणत्या चेसिस नंबरांना आणि कोणत्या उत्पादनकाळाला लागू आहे हे दिलेले असते. मथळा आपल्या तक्रारीशी जुळला तरी तो मजकूर आधी वाचायचा. कूलंटच्या तापमानाविषयी एक पत्र सापडले, पण ते बदललेल्या थर्मोस्टॅट-घराच्या नंतरच्या गाड्यांसाठी आहे. या गाडीला ते लागू नाही, असा शेरा कार्यपत्रावर तारखेसह लिहिला.

२ फेब्रुवारी

कोड पुसल्यानंतर संगणकाच्या स्वतःच्या चाचण्यांची नोंदही कोरी होते आणि त्या पुन्हा पूर्ण होण्यासाठी गाडी ठरावीक परिस्थितीत चालावी लागते. पी०१२८ साठी ती परिस्थिती कोशाच्या पानावर दिलेली आहे: थंड इंजिनावर सुरुवात, सुरुवातीच्या तापमानाची ठरावीक मर्यादा, आणि त्यानंतर पुरेसा काळ सलग चालवणे. गरम इंजिनावर कितीही फिरवले तरी ही चाचणी सुरूच होत नाही. थंड सुरुवातीपासून गाडी चालवली; तापमान ठरल्या वेळेत वर गेले आणि मोकळ्या रस्त्यावरही स्थिर राहिले. चाचण्या पूर्ण झाल्याचे स्कॅनर दाखवतो, प्रलंबित (एकदाच आढळलेला, अजून पक्का न झालेला) कोड नाही. हा दोष दोन चालन-चक्रांत (गाडी सुरू करून चालवून बंद करण्याच्या फेऱ्यांत) सलग आढळल्यावरच डॅशबोर्डवरचा इशाऱ्याचा दिवा लागतो, म्हणून प्रलंबित कोडांची यादी तपासणे आवश्यक होते.

५ फेब्रुवारी

कार्यपत्रे अंतिम केली. प्रत्येकावर चेसिस नंबर, इंजिन आणि ब्रेकचे संकेत, कोशातील पानाचा क्रमांक आणि ते ज्या दिवशी पाहिले ती तारीख आहे. तारीख अत्यावश्यक आहे, कारण ऑनलाइन कोश छापील पुस्तकासारखा स्थिर नसतो. उत्पादक आकडे आणि क्रम सुधारत राहतो.

पुढचे काम स्पार्क प्लगचे. सुट्या भागांच्या सूचीत जुना क्रमांक बाद होऊन त्याजागी नवा आला आहे आणि नव्या प्लगसोबत फटीचे मोजमापही बदलले आहे, म्हणून जुन्या कार्यपत्रातील तो रकाना रिकामा ठेवला आहे. पुढची वर्गणी सुरू झाली की प्रथम तोच भरायचा, आणि त्याच वेळी आवळण्याच्या पानावर आटे कोरडे अपेक्षित आहेत की नाहीत हे पाहायचे.